कचरूचा तीन इंची पाइप

३ मार्च, सकाळी ६
आजपासून रोज पहाटे पाच ते सात थिसिस. आज सहाला उठले, पण पहिला दिवस धरायचा नसतो. एकतीस मार्चच्या आत जमा केला नाही तर कॉलेज माझा करार पुढे चालू ठेवणार नाही. बारा वर्षं कॉन्ट्रॅक्टवर कॉपीराइट शिकवते आहे. थिसिसचा विषय त्याचाच इतिहास. पाच प्रकरणं. चार झाल्यासारखीच आहेत, फक्त लिहायची आहेत.
टेबल खिडकीजवळ नेलं. उजेड हवा.

५ मार्च
खिडकीतून समोरच्यांच्या गच्चीवरचे पापड दिसतात. मोजत बसले. टेबल परत आत.
गाइड लक्ष्मीकांतजींनी विचारलं, यात तुमचं स्वतःचं असं काय आहे? मी म्हटलं, कचरू. सांवेर रोडवर कचरूचा पंपांचा कारखाना. त्याने कॅटलॉग छापला. एका पंपाचा पाइप असतो तीन इंची, कॅटलॉगात चुकून तीन इंची छापला जातो. पुढे शेजारच्या कारखान्याच्या कॅटलॉगातही तीच चूक निघते. म्हणजे त्याने उतरवून घेतलं. बरोबर माहिती दोघांकडे वेगवेगळी येऊ शकते, चूक मात्र उतरवूनच घ्यावी लागते. बारा वर्षं वर्गात हेच डिक्टेट करते. मुलं मान खाली घालून लिहितात.
सर म्हणाले, एकदा परत वाचून बघा. तोंडावर कौतुक करायची त्यांना सवय नाही.

९ मार्च
पहाटे पाच हे आपलं नव्हे. रात्री नऊ ते अकरा. काल नऊला झोपले.
ऋणनिर्देश लिहून झाला. साडेतीन पानं. उन्मेषने वाचला. म्हणाला, बढिया, आभार झाले, अब वो काम भी कर ले ज्याचे आभार मानलेस. नवऱ्याच्या आभाराचं वाक्य काढून टाकलं. सव्वातीन पानं.

१४ मार्च, दुपारी ३
वर्गातल्या नोट्स प्रकरणांत घालून एकशे नव्वद पानं झाली, ती विद्यापीठाच्या सॉफ्टवेअरला लावली. दुसरीकडून किती उचललंय ते ते मोजतं. दहा टक्के चालतात. माझे त्रेचाळीस आले.
यंत्रात बिघाड असणार.

१४ मार्च, दुपारी ४
बिघाड नाही, चोरी आहे. सगळी जुळणी एकाच वेबसाइटशी. ती रत्नपालची. महूचा, माझा आठ वर्षांपूर्वीचा विद्यार्थी, आता वकील. माझ्या नोट्स शब्दाला शब्द. कचरूसुद्धा. नोटिसीचा मसुदा लिहायला घेतला, तो मात्र वीस मिनिटांत झाला, पाठवलाही. माझ्यात लिखाणाची शक्ती आहे हे यावरून दिसतं.

१६ मार्च
रत्नपालचा फोन. आवाज इतका अदबीचा की रागावता येईना. म्हणाला, जी मॅडम, तुमच्याच नोट्स आहेत, वर तुमचं नाव पण टाकलंय, आजच हटवतो. मग म्हणाला, पण मॅडम, हे मुळात तुमचं आहे हे दाखवायला एखादी जुनी वही असेल ना?
आहे की. माळ्यावर. उद्याच.

१८ मार्च
वही मिळाली. १९९९, माझं वर्गातलं अक्षर. सरोजिनी मॅडमचा तास. पान चौदा: कचरू, सांवेर रोड, पंप, तीन इंच, चुकून तीन इंच.
शक्यता एक: हे उदाहरण मीच मॅडमना सुचवलं असेल. श्रिया म्हणाली, आई, आजी तर सांगते तू कॉलेजात हजेरीला पण मान हलवायचीस. पंधरा वर्षांच्या मुलीला पुराव्याचा कायदा कळत नाही.
घरात नुसती फिरतेय. टेबल हॉलमध्ये.

२१ मार्च
पलासियाला मॅडमकडे गेले, वही आणि कचोऱ्या घेऊन. ब्याऐंशी वर्षांच्या आहेत. वाटलं होतं ओळखणार नाहीत. दार उघडता उघडता म्हणाल्या, शलाका, तू वर्गात खिडकीपाशी बसायचीस.
पान चौदा वाचलं आणि हसायलाच लागल्या. म्हणाल्या, अगं, खरं तीन आणि छापलं तीन, तर मग चूक कुठंय? त्या दिवशी मला ताप होता, चारऐवजी तीन बोलून गेले. दुसऱ्या दिवशी वर्गात दुरुस्त केलं, सगळे हसले. तू नव्हतीस का?
मी पान उलटलं. पान कोरं. कोपऱ्यात लिहिलंय, मांडू, सहल.
मी म्हटलं, मॅडम, मी बारा वर्षं तीनच सांगतेय. त्या म्हणाल्या, असू दे, मलाही हा कचरू माझ्या सरांनी दिला होता, तेव्हा त्याचा छापखाना होता, मी पंप केला. तू काय केलंस त्याचं?
मी कचोरी खाल्ली. निघताना पाठीवरून हात फिरवून म्हणाल्या, फार वाळलीस गं. हे खरं नाही, पण रिक्षात डोळे भरून आले.

२४ मार्च
कचरू काढला. मग जे जे मॅडमचं ते काढत गेले. जुळणी आठ टक्क्यांवर आली. पानं एकशे नव्वदची एकेचाळीस राहिली. ऋणनिर्देश धरून.

२५ मार्च
सहा दिवस, रोज पंचवीस पानं. अशक्य काही नाही. टेबल जेवणघरात.

२९ मार्च
दीड पान. चांगलं आहे. कुणाचंच नाही, माझंच आहे. इतकं हळू लिहितात हे मला माहीत नव्हतं.

३० मार्च
वर्गात सांगितलं, कचरूच्या उदाहरणात दुरुस्ती, छापलेलं माप चार इंच. कुणी पेन उचललं नाही. पंचशीला पहिल्या बाकावरून म्हणाली, मॅडम, हमारे पास चारच लिहिलंय. सीनियर सांगून ठेवतात, मॅडम तीन म्हणतील, वहीत चार लिहा, पेपरात मात्र तीनच, क्योंकि तपासतात मॅडम. मी विचारलं, कधीपासून? ती म्हणाली, रत्नपाल भैयाच्या बॅचपासून.
मग वेबसाइटवर तीन का, हे विचारलं नाही. तिथे वर माझं नाव होतं.

३१ मार्च, दुपारी
विद्यापीठाचं मुदतवाढीचं पत्र आणलं तर करार एक वर्ष वाढेल, असं कॉलेजने सांगितलंय. अर्ज आजच द्यायचा. नवं वाक्य सुचेना. मागच्या वर्षीचा अर्ज काढला आणि उतरवून काढला. काउंटर बंद व्हायच्या आत दिला. फार दिवसांनी काहीतरी वेळेत पूर्ण केलं.

२ एप्रिल
अर्ज परत. काउंटरवरचे जयेशजी म्हणाले, मॅडम, तारीख तो पिछले साल की है, असा घेता येत नाही, आणि आता मुदत संपली.
तारखेभोवती त्यांनी लाल पेनाने गोल केला आहे. सबंध अर्जात तेवढी एकच चूक. मागच्या वर्षी ती बरोबर होती.