तिसऱ्या डब्याचं झाकण

शनिवार, १४ मार्च

प्रिय दादा,

नमस्कार. आम्ही ठीक आहोत, तूही असशील असं धरून चालते. पत्ता वहिनीने दिला, तिच्यावर चिडू नकोस.

"चेहरा बदलला तरी हेर तोच असतो गं, चिमणे." हेराच्या सिनेमात नव्या नटाला पाहून मी रडले, तेव्हा तू म्हणाला होतास. तो तिसरा हेर. पहिला म्हणे टोपी न पाडता मारामारी करायचा, दुसरा आईला आवडायचा. तू घर सोडलंस त्यानंतर आणखी दोन झाले. चौथ्याच्या घड्याळातून दोर निघायचा, बंदूक निघायची, फक्त वेळ कळायची नाही. पाचवा दमतो. जिना चढताना कठडा धरतो, आणि आता येणाऱ्या नव्या सिनेमात शेवटी मरतो म्हणतात. बाबा म्हणाले, "मरू दे. सहावा येईल. तो काही मी बघणार नाही."

हे लिहिता लिहिता गॅस बंद आहे का बघायला दोनदा उठले. बंदच होता.

थिएटरात आता रिळं नाहीत. बाबा ज्या मशीनवर सिनेमे दाखवायचे, तिच्या जागी एक पेटी आपली आपण चालते. तरी सिनेमाला गेले की ते मागे वळून मशीनच्या खोलीच्या काचेकडे बघत बसतात. तुझं नाव घेत नाहीत. "आपला हेर काय म्हणतो?" एवढंच. पत्ता न देता राहतो तो हेरच, म्हणे.

आता सांगते. तुला मार बसला त्या दिवशी बाबा जेवायला गेले, मशीन तुझ्या हाती होतं. मी जिन्यात बसून डबे उघडले आणि फिती दिव्यासमोर धरून पुढचं बघत होते. बंद करताना तिसऱ्या डब्याचं झाकण चौथ्यावर बसलं. तू झाकणांवरचे आकडे बघूनच रिळं लावलीस, आणि मेलेला खलनायक पुढच्या रिळात निवांत दाढी करत बसला. लोकांनी खुर्च्या बडवल्या. मॅनेजरसमोर बाबांनी तुझ्या थोबाडीत मारली. "दोन आकडे वाचता येत नाहीत?" तू माझ्याकडे पाहिलंस. तुला कळलं होतं. मी चपलेचा बंद बांधत राहिले. एकतीस वर्षं झाली, अजून बांधतेच आहे.

पुढच्या शुक्रवारी, तीनचा खेळ. तीन तिकिटं काढलीत, मधली खुर्ची तुझी. खेळ सुटल्यावर बाबांना सगळं सांगायचं ठरवलंय, पण एकटीला धीर होत नाही. ज्याला मार बसला त्याच्याकडेच मागते आहे. नाही म्हणशील, ठाऊक आहे. तरी विचारते : मी सांगेन तेव्हा माझ्या शेजारी उभा राहशील?

तेव्हा गप्प बसलेली,
चिमणी