पान अकरावरची फुल्ली

९ जानेवारी

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझं पाकीट परवा पोचलं. पोस्टमनने ते तोलून पाहिलं आणि आत वीट आहे का विचारलं. मी सांगितलं, बहीण शाळेत शिकवायची, देशोदेशींच्या वाङ्मयावर पुस्तक लिहितेय, त्याची प्रस्तावना आहे. नमनाला घडाभर तेल घालायची तुझी सवय निवृत्तीनंतरही सुटलेली नाही. बावीस पानं झाल्यावर तू पहिल्या देशात पाऊल टाकतेस. तोवर वाचक चहा पिऊन झोपलेला असतो.

रशियन आणि जपानी ही दोन प्रकरणं तपासून सोबत पाठवतो आहे. रशियन माणसांनी फार दमवलं. एकाच गृहस्थाला आई एका नावाने हाक मारते, बायको दुसऱ्या आणि कचेरीतले तिसऱ्या. तुझ्या नमुन्याच्या उताऱ्यात मी नऊ माणसं धरून चाललो होतो. वहीत यादी केली तेव्हा ती चारच निघाली. त्या मानाने जपानी कवी सज्जन. तीन ओळींत काम उरकतात आणि मुद्रितशोधकाला सुट्टी देतात.

तू मला तुझा पहिला वाचक केलंस याचं बरं वाटतं. माझं शिक्षण म्हणजे सातवी, आणि पुढे एक्केचाळीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका. शाळेची पुस्तकं, औषधांची माहितीपत्रकं, मतदारांच्या याद्या, जे पुढ्यात आलं ते वाचलं. जगातलं वाङ्मय मात्र कुणी तपासायला दिलं नव्हतं.

इकडची बातमी फार नाही. छापखाना मार्चअखेर बंद होतोय. खाली यंत्रांवर आतापासूनच चादरी घातल्यात, जिना चढताना पाहुणे झोपलेत असं वाटतं. वरची माझी खोलीही तेव्हा सोडायची. गावाबाहेर जुन्या कामगारांसाठी एक वसतिगृह आहे. एका खोलीत सहा खाटा. फेब्रुवारीच्या अठ्ठावीस तारखेपर्यंत होय-नाही कळवायचं आहे. तिथला व्यवस्थापक चांगला वाटला, घोरता का एवढंच त्याने विचारलं.

तुझ्याकडे राहायला ये असं तू दिवाणखान्यात एकदा आणि पत्रातून एकदा म्हणालीस. दोन्हीदा सांगितलं तेच पुन्हा सांगतो. म्हातारा भाऊ आणि जुनं कपाट, दोन्ही ज्याच्या त्याच्या जागी बरी. हलवली की खिळखिळी होतात.

डोळे ठीक. उजव्याला थोडं धुकं आहे, डावा दोघांचं काम करतो.

लोभ आहेच. आता तो वाढवायला कपाटात जागा नाही, आहे तेवढा झाडूनपुसून ठेव.

तुझा,
दादा


१९ जानेवारी

ती. दादास,
सा. न. वि. वि.

दोन्ही प्रकरणं मिळाली. दुरुस्त्या पाहून मी शाळेत शिकवत होते की आणखी काही, असा प्रश्न पडला. 'वाङ्मयीन' मी चार ठिकाणी चार तऱ्हांनी लिहिलं होतं.

एक गोष्ट लिहू की नको असं वाटत होतं. तुझ्या खुणा यावेळी ओळीच्या अर्धा बोट वर पडल्या आहेत. एका ठिकाणी वरच्या ओळीतला बरोबर शब्द खोडलास आणि खालचा चुकीचा तसाच राहिला. डाव्या डोळ्यावर फार भार पडत असेल तर सांग. सांगणार नाहीस, हे माहीत असूनही लिहिलं.

मीही हल्ली लवकर थकते. पुस्तक हातात घेतलं तेव्हा वाटलं होतं, आयुष्यभर मुलांना एकाच भाषेतलं शिकवलं, आता खिडक्या उघडून दाखवू. पण खिडक्या जड निघाल्या. दुपारी दोन पानं झाली की हात गळतात. हे गेल्यापासून घरात आवाजच नाही. मागच्या खोलीत यांच्याकडे दुरुस्तीला आलेली आणि कुणी न्यायला न आलेली सहा घड्याळं भिंतीवर तशीच आहेत. कुणी किल्ली देत नाही. मागच्या आठवड्यात ती खोली झाडली, टेबल पुसलं. कशासाठी ते विचारू नकोस.

कपाटाचा दाखला वाचला. मी आता तिसऱ्यांदा विचारणार नाही. माणसाला दोनदा नाही ऐकता येतं, तिसऱ्यांदा ऐकायला वेगळी छाती लागते.

सोबत इटालियन प्रकरण आहे. सगळ्यांत जीव ओतून हेच लिहिलंय. सावकाश वाच. घाई करू नकोस, विशेषतः अकराव्या पानावर.

तुझ्या लोभाला माझ्याकडे जागाच जागा आहे.

तुझी,
धाकटी


२ फेब्रुवारी

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

इटालियन प्रकरण तपासून पाठवतो आहे. खुणांचं तू लिहिलंस म्हणून यावेळी पट्टी धरून वाचलं, एकेक ओळ उघडत. सकाळी नऊ ते अकरा एवढाच उजेड या खिडकीला असतो, त्यामुळे सहा दिवस लागले.

प्रकरण झकास. देश एक व्हायच्या कितीतरी शतकं आधी त्याचं वाङ्मय उभं होतं, हे मला ठाऊक नव्हतं. म्हणजे घर बांधायच्या आधीच ओव्या तयार. पंडित लॅटिनमध्ये लिहीत होते आणि काही जणांनी ठरवलं की बायका-मुलं घरात बोलतात त्या भाषेत लिहायचं. मग कुणाच्या घरची बोली खरी, यावर भांडणं. ती भांडणं तू छान रंगवलीस. आपल्या छापखान्यात ऱ्हस्व-दीर्घावरून खिळे जुळवणारे दोन जुळारी महिनाभर एकमेकांशी बोलत नव्हते, त्याची आठवण झाली.

कवितेच्या तुकड्याला ते स्टान्झा म्हणतात आणि त्या शब्दाचा साधा अर्थ खोली, हे वाचून खूप हसलो. आपण त्यालाच कडवं म्हणतो. म्हणजे त्यांनी राहायला जागा केली आणि आपण तोंड वाकडं केलं.

फक्त तिथेच, पान अकरावर, तुझी गाडी घसरली. खोलीचं उदाहरण म्हणून पुढे पाच-सहा ओळी लांबण लावलीस. खिडकी कोणत्या दिशेला, टेबल कुठे, राहणाऱ्याने काय करावं नि काय नको. शुद्धलेखनाची चूक त्यात एकही नाही, ते मान्य. पण इटालियन वाङ्मयाशी त्याचा संबंध काय? मी सरळ फुल्ली मारून समासात लिहिलंय, 'अप्रस्तुत. वाचकाला याचे काय? गाळावे.' राग मानू नकोस. चांगल्या मजकुरावरचं बांडगूळ वेळीच काढलेलं बरं.

वसतिगृहाचा अर्ज भरून टेबलावर ठेवलाय. या महिन्यात टाकीन. खिडकीजवळची खाट मिळेल का विचारलं, तर व्यवस्थापक म्हणाला की खिडकीजवळ ज्येष्ठतेने मिळते. तिथेही मी नवशिका.

लोभ आहे तो दुरुस्त्यांनी कमी करू नकोस.

तुझा,
दादा


१२ फेब्रुवारी

ती. दादास,
सा. न. वि. वि.

दुरुस्त्या मिळाल्या. सगळ्या स्वीकारल्या.

पान अकरावरची फुल्लीही समजली. इतकं स्पष्ट उत्तर तू आजवर दिलं नव्हतंस. कपाटाच्या गोष्टी सांगून टाळत होतास, त्यापेक्षा हे बरं. वाचकाला याचे काय, हा प्रश्न योग्यच आहे. वाचकाला काहीच नाही.

ते पान स्वच्छ लिहून काढलं, त्या ओळी सोडून. जुनं पान तुझ्या अक्षरासकट परत पाठवते. माझ्याजवळ ठेववत नाही, आणि फाडवतही नाही.

पर्शियन प्रकरण मी स्वतःच तपासेन. तुझ्या डोळ्यांना आराम दे. वसतिगृहात जाताना लोकरीचं पांघरूण घेऊन जा, सहा जणांत खिडकी कोण उघडी ठेवील सांगता येत नाही.

कळावे.

धाकटी


२१ फेब्रुवारी

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझं पत्र चार वेळा वाचलं आणि चारही वेळा कळलं नाही. रागावलीस एवढं कळलं, कारण तू लोभाचं काहीच लिहिलं नव्हतंस. साठ वर्षांत असं पहिल्यांदा झालं. वाटलं, पाच ओळी खोडल्या म्हणून कुणी इतकं रुसतं का? लेखक मंडळी रुसतात, पण तू तर आपल्या घरची.

मग ते पान घेऊन खिडकीपाशी बसलो.

तुला आमच्या धंद्याचं एक सांगतो. मुद्रितशोधक अर्थ वाचत नाही. पहिल्याच वर्षी थोरल्या शोधकांनी बजावलं होतं, की गोष्टीत रमलास की चूक निसटलीच. तेव्हापासून मी अक्षरं वाचतो. लोकांच्या लग्नाच्या, मरणाच्या, निवडून आल्याच्या बातम्या माझ्या डोळ्यांखालून गेल्या आणि मी वेलांट्या मोजत राहिलो. तुझ्या त्या ओळीतही 'घड्याळं' हा शब्द आला, त्यातला ळ बरोबर आहे एवढं पाहिलं आणि पट्टी खाली सरकवली. यावेळी पट्टी बाजूला ठेवली. तू काय लिहिलंस ते तुलाच पुन्हा लिहून दाखवतो, म्हणजे मी खरंच वाचलं याची खात्री पटेल.

'स्टान्झा म्हणजे खोली. उदाहरणार्थ, एका घरी मागे एक खोली आहे. तिला पूर्वेची खिडकी आहे आणि सकाळचा उजेड टेबलावर बराच वेळ टिकतो. भिंतीवर सहा घड्याळं आहेत, सगळी बंद, त्यामुळे तिथे कुणाला कसली घाई नाही. इथे राहणाऱ्याने वाचलंच पाहिजे अशी अट नाही. त्याला दिसेनासं झालं तर घरातलं माणूस मोठ्याने वाचील. त्याने ऐकावं आणि चुका काढाव्यात.'

धाकटे, ताकाला जाऊन भांडं लपवायची तुझी लहानपणापासूनची खोड. पण यावेळी तू भांडं जरा जास्तच लांब, इटलीत नेऊन लपवलंस. आणि तुझा दादा असा शहाणा, की त्याने ते शोधलं नाही, नेमकं फोडलं.

आता खरं लिहितो, कारण एवढ्या मोठ्या चुकीनंतर वेलांट्यांमागे लपता येत नाही. कपाट-बिपाट सगळी बतावणी होती. डॉक्टरीणबाईंनी नोव्हेंबरातच सांगितलं, की उजवा डोळा गेला आणि डाव्याचंही वर्षभराचं काम. तुझी प्रकरणं मी भिंग धरून वाचत होतो. दोन पानांनंतर डोकं दुखायचं, पाणी यायचं, मग पडून राहायचो. पण पाकीट आलं की उठायचो. घरात शिकलेली तू, आणि तुझ्या चुका काढणारा मी, एवढाच माझा मान. तोही जाणार, मग तुझ्या दारात नुसता बसून राहणारा म्हातारा होऊन काय यायचं, असं वाटायचं. वसतिगृहात सहाजणांत एक आंधळा खपून जातो.

आणि तू तर हे माझ्याआधी ओळखून ठेवलं होतंस. अर्धा बोट वर पडलेल्या खुणांवरून. माझ्याहून चांगली शोधक निघालीस, पण हे बाहेर सांगू नकोस.

फार थकलोय गं. आता थकवा लपवायचाही कंटाळा येतो. वसतिगृहाचा अर्ज टेबलावरच होता. त्याच्या पाठीमागे हे पत्र लिहितो आहे, उलटून पाहिलंस तर दिसेल. कागद चांगला होता, वाया कशाला घालवायचा. महिनाअखेर येईन. सामान एक ट्रंक आणि ते पांघरूण. घड्याळांना किल्ली देऊ नकोस.

पर्शियन प्रकरण माझ्याशिवाय तपासलंस तर बघ. तू वाच, मी ऐकतो. 'वाङ्मयीन' आला की थांबायचं.

पान अकरा सोबत परत पाठवतो. चुकून खोडलेला मजकूर राहू द्यायचा असला, तर आम्ही फुल्ली खोडत नाही. तिच्याखाली ओळभर टिंबं देतो आणि समासात 'असू द्या' लिहितो. जुळाऱ्याला तेवढं पुरतं. मी त्या सगळ्या ओळींखाली टिंबं दिली आहेत. थोडी वरखाली झाली असतील, अर्ध्या बोटाने. छापणाऱ्याला सांग, ती त्याच ओळींची आहेत.

तुझा,
दादा

ता. क. दुरुस्ती एकच केली आहे. 'एका घरी' खोडून 'आमच्या घरी' केलं.