झोपण्यासाठी वापर – नाही

मंगळवार, ४ मार्च
रविवारच्या पानावर खोटं लिहिलंय. ‘बाबा म्हणाले म्हणून अर्जात तळघर सामानाची खोली दाखवली.’ बाबा म्हणाले नव्हते. मी सुचवलं. त्यांनी फक्त विचारलं, चालेल का? मी म्हटलं, चालेल.

दहा वर्षांची होईपर्यंत आईनेच घरी शिकवलं. तिचा नियम – चुकलेलं गिरवून झाकायचं नाही. एकच रेघ मारायची, खालचं वाचता आलं पाहिजे. तशी मारली. वाचता येतंय.

बुधवार, ५
नीट लिहायला हवं. दादा-वहिनीचं भाड्याचं घर महिनाअखेर सुटतंय. वहिनीला सातवा महिना. दोघं आमच्या तळघरात राहणार असं ठरलं. तळघराच्या बांधकाम परवान्याचे कागद माझ्याकडे, कारण नियम शेवटपर्यंत वाचणारी घरात मीच. दादा मला ‘कलमबाई’ म्हणतो. झोपायची खोली करायची तर माणूस बाहेर पडू शकेल एवढी खिडकी लागते – आग लागून जिना बंद झालाच तर. आमची खिडकी दोन फूट रुंद, दहा इंच उंच. मोठी करायची म्हणजे भिंत कापायची, नवा नकाशा, इंजिनिअरची सही, दोन-तीन महिने. सामानाच्या खोलीला यातलं काही लागत नाही.
रकाना होता – झोपण्यासाठी वापर? मी लिहिलं, नाही. अक्षर काय सुरेख आलं!

शुक्रवार, ७
परवाना कार्यालयाचे तपासनीस येऊन गेले. वयस्कर. गुडघे धरत जिना उतरले. म्हणाले, इतका नेटका नकाशा त्यांच्या टेबलावर वर्षातून एखादाच येतो. मग सहज –
“इथे कोणी झोपणार नाही ना, बाळ?”
“नाही, काका.”
वर काका म्हटलं मी! त्यांनी सही केली. आई माझं कौतुक ऐकत उभी होती. तिच्याकडे बघवेना.

शनिवार, ८
जेवले नाही. पोट बिघडलंय म्हणून सांगितलं. हेही खोटंच.

मंगळवार, ११
दुपारी घरी कोणी नव्हतं. तळघरात स्टुलावर चढले, खिडकीतून डोकं बाहेर काढलं. एक हात गेला. छातीशी अडकले. पुढे जाता येईना, मागे येता येईना. समोर वहिनीच्या चपला – पडद्याचं माप घ्यायला आली होती. आधी हसली. म्हणाली, चोरी करायला आलीस की करून पळतेयस? मग खाली येऊन माझी कंबर धरून हळूहळू मागे ओढलं. तिला धाप लागली. मी तिच्या पोटाकडे बघत राहिले. आई मला काडी म्हणते – आणि मी अडकले.
वहिनी म्हणाली, खिडकी लहान आहे, पण उजेड छान येतो. पलंग अठराला येतोय.

गुरुवार, १३
मागच्या बुधवारी लिहिलं ते खरं, पण अर्धं. तळघराचं काम रखडलं असतं तर ते दोघं वर राहिले असते. वर देण्यासारखी खोली एकच – माझी. रकाना भरताना हे मला माहीत होतं. घाई त्यांना नव्हती. मला होती.

शनिवार, १५
वहिनीला सगळं सांगितलं. खोलीचंही. म्हणाली, “मला विचारायचंस तरी. मी बाहेरच्या खोलीत झोपले असते गं.”
रागावली असती तर बरं झालं असतं.

अर्जावर सही बाबांची, म्हणून त्यांनाही सांगितलं. सोमवारी कार्यालयात खरं सांगितलं की परवाना रद्द होईल, दंड बसेल, तेही. ते म्हणाले, “मी विचारलं होतं ना तुला, चालेल का?” तेवढंच. मग चष्मा पुसत बसले.

रविवार, १६
माझं कपाट रिकामं केलं. गादी बाहेरच्या खोलीत टाकली. दादाला वाटलं, रुसलेय. वहिनीने त्याला गप्प केलं.
उद्या, सोमवार, १७ मार्च, सकाळी दहाला कार्यालय उघडतं. त्याच काकांच्या टेबलापाशी. एकटी जाणार आहे.