पांढरी चार

३ जून

सिनेमाचं गाणं आलं! एवढं आधी लिहून टाकतो, बाकीचं मागून.

फोन आला तेव्हा मी गच्चीवर कपडे वाळत घालत होतो. तोंडात दोन चिमटे. "हॅलो"सुद्धा धड म्हणता येईना. संगीतकार तरुण आहे, आवाजावरून लेकीच्या वयाचा वाटला. म्हणाला, "सर, तुमच्या भजनांनी आमच्या घरात सकाळ व्हायची. आजीनं कधी अलार्म लावलाच नाही." मी म्हटलं, "आजींना नमस्कार सांगा." चिमटा पडला तो खालच्यांच्या खिडकीत.

मग त्यानं विचारलं, "पट्टी कुठली धरू, सर?"

"पांढरी चार. दुसरी कुठली!"

"नक्की ना? नाही म्हणजे, आजकाल इतक्या वर कुणी गात नाही."

"कुणी नसेल. मी आहे."

जरा जास्तच बोललो का? बोललो असेन. पण खोटं नाही. पेटीवरची चौथी पांढरी पट्टी हा माझा सा. पंचविशीत तोच होता, पन्नाशी आली तरी तोच. दोन वर्षांत रेकॉर्डिंग झालं नाही हे खरं, पण कार्यक्रम चालू आहेत. परवाही त्याच पट्टीत गायलो. पेटीवाल्याचं बोट माझ्या डोळ्यांदेखत तिथंच होतं.

हिला सांगितलं. हरखली. मग हळूच विचारते, "पट्टी विचारली का हो त्यांनी?"

"विचारली. पांढरी चार सांगितली."

ही बादलीतला टॉवेल घेऊन पिळायला लागली. पिळलेलाच होता तो.

५ जून

सकाळी देवापुढे नेहमीचंच मागणं — पट्टी राख. बाकीचं तुझं तू बघ.

पेटीवाला आला. माझा सोबती, मिशा काळ्या होत्या तेव्हापासूनचा. बातमी ऐकून त्यानं मला उचलायचंच बाकी ठेवलं. पट्टीचं ऐकल्यावर मात्र खाली बसला.

"बुवा, फोन करून जरा खाली घे म्हणावं. सिनेमाचे माइक वेगळे असतात."

"माइक वेगळे असतात, गळा तोच असतो. तुला हेवा वाटतोय."

"वाटतोय खरा," म्हणाला, आणि चहात बुडवलेलं बिस्कीट विसरला. तळाला गेलं. चमच्यानं काढून खाल्लं बिचाऱ्यानं.

"माझी घरची पेटी कधी देतोस ते सांग. भाता बदलायला म्हणून नेलीस ती नेलीसच."

"कारागीर गावाला गेलाय."

"अरे, तो जिवंत आहे ना?"

तेवढ्यात ही आतून, "राहू द्या हो तिथंच! इथं ठेवायला जागा कुठंय?"

जागा आहे. चांगली कपाटावर आहे. पण बायकोपुढे जागेचा हिशेब मांडू नये.

८ जून

मिठाच्या गुळण्या. घसा उत्तम. दिवसभर उगीचच हसू येत होतं. दूधवालाही म्हणाला, "काय हो, मुलीचं ठरलं का?"

११ जून

गाण्याचे शब्द आले. प्रसंग असा — पोराचं ऑपरेशन चाललंय, बाप बाहेर बाकावर बसलाय. त्या बंद दाराकडे बघत देवाशी बोलतो :

दार तुझे, हात माझा — ठोठावू की नको?

वाचलं आणि खुर्चीत बसून राहिलो. चाळीस व्हायोलिनं वाजवून घेतली म्हणे, पांढऱ्या चारमध्ये! पहिल्याच 'दार'वर वरचा सा आहे.

गावच्या शाळेतले गुरुजी आठवले. प्रार्थनेला मला पुढे उभं करायचे आणि म्हणायचे, "ओढ्यापलीकडं ऐकू गेलं पाहिजे. देव काही शाळेच्या पायरीवर बसलेला नाही." ओढ्यापलीकडे आमची म्हैस चरायची. ती मान वर करायची. मला वाटायचं, पोचलं!

तेव्हापासून वरच गातो आहे.

१६ जून

आज रेकॉर्डिंग. काय लिहू!

स्टुडिओ म्हणजे थंडगार खोली, भिंतीला गाद्या लावलेल्या. संगीतकार काचेपलीकडे. शर्ट एवढा ढगळ की आत आणखी एक संगीतकार मावेल. कानांवर यंत्र चढवलं, व्हायोलिनं सुरू झाली. गोड. खालच्या ओळी गेल्या. 'दार' आलं — आणि आवाज फाटला. नव्या कापडासारखा, टर्रकन.

पुन्हा घेतलं. पुन्हा फाटला. पाणी प्यालो. तिसऱ्यांदा तर फक्त वाराच आला.

आणि मी काय म्हणावं? "तुमचा ट्रॅक चढा आहे!"

ढगळ्या म्हणाला, "सर, पांढरी चारच आहे."

"अहो, माझी पट्टी मला कळत नाही? परवा गायलोय मी! थांबा, माझ्या पेटीवाल्यालाच विचारा." फोन लावला, सगळ्यांना ऐकू जाईल असा. "सांग रे यांना, माझी पट्टी कुठली ते!"

पलीकडून नुसती खरखर. वाटलं, फोन तुटला. मग म्हणाला, "बुवा, तिथंच थांब. मी येतो."

आला तो पेटी घेऊनच. आत गेला नाही. मला जिन्यात बोलावलं, पायरीवर बसवलं, पेटी मांडीवर घेतली.

"हे बघ." पांढरी चार वाजवली. माझा सा. ओळखीचा, घरचा. मग त्यानं पेटीच्या कडेची चकती फिरवली. पट्ट्यांची अख्खी ओळ सरकून जागेवर बसली. तीच पट्टी वाजवली — आणि आता आला तो आतल्या व्हायोलिनांचा सूर! माझ्या सा-पेक्षा पूर्ण एक सूर वर.

सरकणाऱ्या पेट्या असतात हे मला काय माहीत नाही? चांगलं माहीत आहे. पण माझ्यावर कुणी ती सरकवील, हे माहीत नव्हतं.

"म्हणजे मी गातो काय?"

"काळी दोन. बोट दाखवायचं पांढऱ्या चारवर, सूर द्यायचा काळ्या दोनचा."

"कधीपासून?"

"घरची पेटी नेली तेव्हापासून. ती सरकत नाही ना."

"आणि घरचं तंबोऱ्याचं यंत्र?"

तो मिशीत बोलला, "ते वहिनींना विचार."

माझी पट्टी गेलेली होती, आणि ती गेल्याचं माझ्याखेरीज साऱ्या जगाला ठाऊक होतं! उठून चालू लागलो. मागून म्हणाला, "बुवा, पूर्वी वरच्या सुराला तू डोळे मिटायचास ते देवासाठी. नंतर भीतीनं मिटायला लागलास. मी समोर बसतो रे. मला दिसतं."

मी वळलो नाही.

ढगळ्यानं पुढच्या आठवड्यापर्यंत मुदत दिली आहे. जमलं तर जमलं, नाहीतर दुसरा गायक बघणार. तसं बोलला नाही, पण चप्पल घालताना मला 'सर' न म्हणता 'काका' म्हणाला.

१७ जून

हिनं कबूल केलं. तंबोऱ्याच्या यंत्रावरची खूण पुसट झाली म्हणून हिनं नवी केली होती. मी तेव्हा कौतुकही केलं होतं. ती नवी खूण दोन घरं खाली!

"नेलपॉलिश कुणाचं?" विचारलं. लेक भाजी निवडायला लागली. ही पोर जन्मात भाजी निवडत नाही.

"फसवलंत मला!"

ही म्हणाली, "फसवलं कसलं? उंच फळीवरचा डबा तुमचा हात पुरेना म्हणून खालच्या फळीवर ठेवला. डबा तोच आहे ना?"

राग आला. म्हणून जेवलो नाही. मग भूक लागली, म्हणून जेवलो.

१९ जून

पेटीवाल्याचे फोन येतात, घेत नाही. खूण खरवडून काढली. खऱ्या पांढऱ्या चारवर रियाज केला. शेजारच्यांच्या कुत्र्यानं साथ दिली.

२० जून

आवाज बसला. पूर्ण!

घशाच्या डॉक्टरीणबाईंनी आत दिवा घालून बघितलं. "दोरखंड ओढावा तसा गळा ओढलाय. चार दिवस एक शब्द बोलायचा नाही."

ही पटकन म्हणाली, "देव पावला!" आणि मग जीभ चावली.

२३ जून

मौन. पाटीवर लिहून बोलतो. लेकीला मजा वाटते; मी लिहिलेलं ती लाल पेनानं तपासते.

बोलायचं नाही म्हटल्यावर ऐकू फार येतं. कुकर, जिना, हिच्या बांगड्या. आज ओट्याशी ही गुणगुणत होती. माझंच जुनं भजन, पण एकदम खालच्या सुरात, स्वतःपुरतं. म्हशीनं मान वर केली नसती. पण मी केली.

देवापुढे बसलो. मागणं आठवलं — पट्टी राख. इतकी वर्षं मागतोय. त्यानं पट्टी राखली नाही, पण पेटीवाला राखला. आता मी त्याचा फोन घेत नाही!

पाटीवर लिहिलं : 'उद्या पेटीवाल्याला चहाला बोलाव.' ही म्हणाली, "तो रोज संध्याकाळी खाली येऊन बसतो. कट्ट्यावर. तुम्ही खिडकी लावून घेता म्हणून दिसत नाही."

२५ जून

दोघं मिळून स्टुडिओत गेलो. वाटेत एवढंच बोलणं झालं :

"रागावलास?"

"हो."

"अजून?"

"बिस्किटं आणलीयस का?"

आणली होती.

ढगळ्यापुढे बसून सांगितलं, "पांढरी चार मी चुकीची सांगितली. ती माझी होती, आता नाही. आता काळी दोन आहे." सांगताना वाटलं होतं जमीन फाटेल. कसली फाटते! पंखा फिरत होता तसाच फिरत राहिला.

ढगळ्यानं डोकं खाजवलं. "व्हायोलिनं परत बोलावता येणार नाहीत. निर्माते जीव घेतील. यंत्रानं खाली ओढली तर सर्दी झाल्यासारखी वाजतात. असं करू — तुम्ही खाली गा, मी तुमचा आवाज यंत्रानं वर चढवतो. कुणाला कळणार नाही."

"ज्याला म्हणतोय त्याला कळेल की."

"कुणाला?"

मी वर बोट केलं. तो आधी छताकडेच बघायला लागला. वरच्या मजल्यावर निर्मात्यांचं ऑफिस आहे!

मी म्हटलं, "एकदा ऐका तर खरं." पेटीवाल्यानं पेटी उघडली. या वेळी सरळ काळ्या दोनवर बोट ठेवलं, लपवाछपवी नाही. मी गायलो. 'दार' आलं. ते ओढ्यापलीकडे फेकलं नाही, समोरच्या दारापर्यंतच नेलं. हात उचलावा आणि ठोठावता ठोठावता थांबावं, तसं.

संपल्यावर काचेपलीकडच्या रेकॉर्डिंगवाल्यानं हेडफोन काढून ठेवले. ढगळ्यानं शब्दांचा कागद पुन्हा वाचला. मग म्हणाला, "बाप बाकावर एकटा बसलाय. त्याच्यामागे चाळीस व्हायोलिनं येणार कुठून?"

"मला वाटलंच होतं," पेटीवाला म्हणाला, "पण आम्हाला कोण विचारतो!"

गाणं झालं. नुसता तंबोरा, पेटी आणि मी. निघताना ढगळ्यानं पुन्हा 'सर' म्हटलं.

१४ जुलै

गाणं बाहेर आलं. दूधवाला दारात उभं राहून गुणगुणत होता. माप सांडलं.

हिला तिसऱ्यांदा ऐकवलं तेव्हा म्हणाली, "आता बंद करा, कुकरची शिट्टी ऐकू येत नाही." पण डोळे पुसले. कांदा नव्हता.

२० जुलै

घरची पेटी परत आली. कारागीर 'गावाहून' आला म्हणे. भाता जुनाच आहे!

पेटीवाल्याला बजावलं, "आता उघड काळी दोन. सरकवासरकवी बंद. शपथ घे."

"कुणाची?"

"पेटीची."

त्यानं पेटीवर हात ठेवला. चकतीवर नाही ना, ते बघायचं राहून गेलं.

२ ऑगस्ट

कार्यक्रम. मोठी गर्दी. 'दार'ची दोनदा मागणी झाली. इतका मोकळा गळा कैक वर्षांत लागला नव्हता. वरच्या सुराला डोळे उघडेच राहिले. पेटीवाला समोर बसून हसत होता. वाटलं, काळी दोन हेच माझं घर. उगीच शेजाऱ्याच्या गच्चीवर राहत होतो.

३ ऑगस्ट

सकाळी लेक फोन घेऊन आली. कालचं गाणं तिनं त्यात टिपलं होतं, आणि सूर मोजायचंही काहीतरी आहे त्यात. "बाबा, काल काळी दोन नव्हती. पांढरी तीन होती. अर्धा सूर वर."

तिच्याकडून दोनदा मोजून घेतलं. मग हिच्याकडे बघितलं. ही टॉवेल पिळत होती.