ठमीचा खटला आणि माझा जादा ब्रेक

तीर्थस्वरूप भाऊजींना,

साष्टांग नमस्कार. (कंबर धरल्यामुळे तो सध्या कागदावरच.) तुमची तब्येत बरी असेल आणि ताई तुम्हाला मीठ बेतानेच देत असेल, अशी आशा करतो. आमच्याकडे सगळे ठीक. तुम्ही फोनवर बजावलं होतंत, पाण्यात राहून माशाशी वैर करू नये. मीही घरात तेच सांगत होतो. पण ऐकेल ती ठमी कसली?

तर झालं असं. ठमी डॉक्टरकीच्या तिसऱ्या वर्षाला असताना कॉलेजने मध्येच फी दीडपट केली, आणि फरक भरल्याशिवाय परीक्षेला बसू देणार नाही, असा कागद फळ्यावर लावला. आपलं कर्ज मंजूर झालं होतं जुन्या फीवर. बँकेचे साहेब म्हणाले, वाढीव रक्कम हवी तर फी का वाढली ते कॉलेजकडून लेखी आणा. कॉलेजचे रजिस्ट्रार म्हणाले, आधी पैसे भरा, मग लेखी देऊ. या दोघांमध्ये माझी इतकी ये-जा झाली की बँकेचा रखवालदार माझ्या गाडीवरची ड्रायव्हिंग स्कूलची पाटी वाचून मला गाडी शिकवायचं काय घ्याल, असं विचारू लागला. (त्याला सवलत दिली. वाया काही जात नाही.) शेवटी मी म्हटलं, शिकवायची गाडीच विकून टाकू. ठमी म्हणाली, "बाबा, मग हप्ते कशावर फेडणार?" आणि वर्गातल्या मुलांना गोळा करून तिने सरळ कॉलेजला कोर्टात खेचलं.

कोर्टात मी आधी भलत्याच खोलीत जाऊन बसलो. तिथे घरमालक आणि भाडेकरूचं चाललं होतं. मालकाचं म्हणणं मला पटलं म्हणून मान डोलवत होतो, तर समोरच्या वकिलाने हे गृहस्थ कोण, अशी चौकशी केली. मग उठलो. आपल्या खोलीत पोचलो तर आमच्या वकीलबाईंचा घसा पार बसलेला. त्यांनी खुणेने आणि चिठ्ठीने न्यायाधीशांची परवानगी काढली, आणि अर्जदार म्हणून ठमीच बोलायला उभी राहिली.

भाऊजी, माझा जन्म शिकाऊ लोकांच्या शेजारी बसण्यात गेला. माझ्या बाजूला जादा ब्रेक असतो. ठमीने वेग घेतला की माझा पाय आपोआप खाली दाबला जायचा, आणि खाली होता शेजारच्या पट्टेवाल्याचा बूट. कॉलेजचे वकील म्हणाले, नवी प्रयोगशाळा बांधली, खर्च वाढला. ठमी म्हणाली, "तिला कुलूप आहे, सर. आम्ही ती काचेतून बघतो. यंत्रांवरचं प्लास्टिकसुद्धा निघालेलं नाही." न्यायाधीशांनी किल्ली कुणाकडे आहे, असं विचारलं. वकिलांनी रजिस्ट्रारांकडे पाहिलं, रजिस्ट्रारांनी छताकडे. मग ठमीने प्रवेशाच्या वेळचं माहितीपत्रक पुढे ठेवलं. पूर्ण शिक्षण होईपर्यंत फी बदलणार नाही, असं त्यात कॉलेजनेच छापलेलं. त्या वेळी मी ब्रेकवरून पाय काढला. काही गरजच नव्हती.

जुनीच फी घ्या आणि सगळ्यांना परीक्षेला बसवा, असा हुकूम झाला. मुलं बसली, आणि ठमी पास झाली. बाहेर पट्टेवाला लंगडत माझ्यापाशी आला. "मुलगी तुमची?" मी म्हटलं, "हो." एवढंच बोलता आलं. एरवी दिवसभर बोलण्यावर माझं पोट आहे.

ताईला नमस्कार. लोभ आहेच, तो ताणून बघत नाही.

तुमचा,
मेहुणा

ता. क. वर जिंकल्यासारखं लिहिलं आहे, ते तूर्तास. कॉलेज वरच्या कोर्टात गेलं आहे. ते कोर्ट तुमच्या घरापासून चालत जाण्याइतकं जवळ आहे. म्हणून सुनावणीच्या आदल्या दिवशी मी, ठमी आणि वकीलबाई मुक्कामाला यावं म्हणतो.

आणखी एक ता. क. आणि वर्ग. पूर्ण नव्हे, निम्माच. मुलं गुणी आहेत, जमिनीवर झोपतात. तुमची नाडी फुकट बघतील. (सगळीच बघतील, त्याला इलाज नाही.)

शेवटचं. नाही म्हणायचं असेल तर कृपा करून ठमीलाच कळवा. तिला नाही म्हणणं मला आजवर जमलेलं नाही, आणि आता ते शिकायची इच्छाही उरली नाही.