पान चौऱ्याऐंशीवरच्या पाटल्या

उदगीर

तीर्थरूप सुकन्याअक्कास धाकट्या शिवकन्येचे शरणार्थ.

भाऊजींचे गुडघे काय म्हणतात? तुझी शुगर काबूत आहे ना? (नसणारच. पेढे सोडल्याचं तू फोनवर सांगतेस, तेव्हाही तुझ्या तोंडात काहीतरी असतं.) फोनच करणार होते, पण आमचे हे शेजारी बसून माझं बोलणं वहीत टिपून घेतात, आत्मचरित्राच्या दुसऱ्या भागासाठी.

पहिला भाग मागच्या आठवड्यात लातुरात प्रकाशित झाला. तुला ताप होता म्हणून वाचलीस. छापून येईपर्यंत मला एक ओळ वाचू दिली नाही. घरच्या माणसाचं मत तटस्थ नसतं म्हणे. (घरच्या माणसाच्या हातचा सहा वेळचा चहा मात्र चालतो.) ह्यांच्या कपाटात लेखकांची चाळीसेक आत्मचरित्रं आहेत. त्यांतली एकूण एक बायको दागिने काढून देते, मुकाट्यानं हसते अन् शेवटच्या प्रकरणाआधी आजारी पडते. (मी अजून ठणठणीत आहे, ही ह्यांच्या पुस्तकातली मोठीच उणीव.)

तर सभागृहात अध्यक्षांनी डोळे पुसत पान चौऱ्याऐंशी मोठ्यानं वाचलं. पहिल्या कवितासंग्रहाच्या वेळी छापखान्याला द्यायला काही नव्हतं, तेव्हा माझ्या अर्धांगिनीनं हातातल्या पाटल्या उतरवून माझ्या ओंजळीत ठेवल्या अन् म्हणाली, कविता हाच माझा दागिना. अक्का, असलं वाक्य मी जन्मात बोलले नाही. अन् त्या पाटल्या म्हणजे आईनं दिलेल्या, बावीस वर्षांमागं कपाटातून गेलेल्या. त्यांच्यापायी मी भांडी घासणाऱ्या कमलम्माला भर गल्लीत चोर म्हणून काढून लावलं होतं. तेवढ्यात मला वर बोलावून शाल घातली, त्यागमूर्ती म्हणाले अन् माइक हातात दिला.

मी म्हणाले, "पाटल्या मी दिल्या नव्हत्या. त्या चोरीला गेल्या होत्या. चोर आज सापडला."

सभागृह हसून हसून लोळलं. सगळ्यांत मोठ्यानं हेच हसले. जेवताना एक प्राध्यापक मला म्हणाले, वहिनी, विनोद तुमच्या घरात मुरलेला आहे.

घरी आल्यावर विचारलं, तर नाकारलं नाही. महिन्याभरात सोडवून आणणारच होते, पण तेवढ्यात मी कमलम्माला काढून मोकळी झाले, मग सांगायला तोंडच उरलं नाही. (म्हणजे घाई माझीच.) शिवाय साहित्यात तपशील गौण, भावसत्य महत्त्वाचं.

ते भावसत्य पिशवीत घालून मी मुदखेडला गेले. कमलम्मा तिथं लेकीकडे राहते. तिला वाचता येत नाही, म्हणून पान चौऱ्याऐंशी मीच वाचून दाखवलं. तिनं तूर निवडता निवडता सगळं ऐकलं. आपल्या गल्लीत नंतर एकाही घरानं तिला उंबऱ्याच्या आत घेतलं नव्हतं, म्हणून तिनं गाव सोडलं. हे मला त्या दिवशी कळलं. मी हात जोडले. तिनं सूप बाजूला ठेवलं.

"चोर म्हणलात ते गल्लीत," ती म्हणाली, "अन् माफी हितं घरात बसून मागून राहिलात. हितं कुणी मला चोर म्हणत न्हाई, बाई."

मग गल्लीतच मागते, तेवढी या, असं मी तिला म्हणाले. येत्या सोमवारी सकाळी नऊला ती उदगीरला येते आहे. गल्लीतल्या प्रत्येक घरी मी स्वतः जाऊन सांगून आले.

बाकी क्षेम. घरात बोलणं बंद असल्यानं शांतता भरपूर आहे. ह्यांना लिहायला तीच हवी होती.

तुझी,
शिवकन्या

ता. क. गल्लीत उभं राहून पाटल्या कुठं गेल्या ते तुम्हीच सांगा, असं मी ह्यांना म्हटलं. लगेच सोमवारी नायगावला परिसंवाद निघाला. मी आयोजकांना फोन करून, हे येत नाहीत असं कळवून टाकलं.

आणखी एक. तू रविवारीच ये. पाटल्या गेल्या तेव्हा तू माझ्याकडे राहायला होतीस, अन् कमलम्माचं नाव पहिल्यांदा तुझ्या तोंडून निघालं होतं. हे मी तिला सांगितलं नाही. निघताना तिनंच विचारलं, थोरल्या बाई येणार हायत का म्हणून.