साठ अंशांचा पाव चंद्र

मी, कॅलेंडरांच्या छापखान्याचा अर्धा मालक आणि त्या कॅलेंडरांवरच्या चंद्राचा एकमेव चित्रकार, वय त्रेपन्न, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाशिवाय माझ्या मालमत्तेची ही व्यवस्था लिहून ठेवत आहे. शुद्धीत असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत आहे. ते डॉक्टर माझ्या धाकट्या भावाच्या ओळखीचे निघाल्यामुळे दुसऱ्या डॉक्टरांचाही जोडला आहे. पुढच्या आठवड्यात माझ्या हृदयाची शस्त्रक्रिया आहे. सर्जन फार गोड बोलतात, म्हणून ही घाई.

१. राहतं घर आणि बँकेतली शिल्लक पत्नीला. शिल्लक किती, हे मी तिला कधी सांगितलेलं नाही. तिला पै न् पै ठाऊक आहे. कशी, याचा शोध माझ्यामागे कोणी घेऊ नये. मी घेऊन दमलो.

२. पितळी कंपास, कोनमापक आणि भिंग मुलीला. मेहुण्यांनी कंपास नुसता बघायला मागितल्यास लांबून दाखवावा. त्यांनी नुसती बघायला नेलेली शिडी अजून बघून झालेली नाही.

३. छापखान्यातला माझा अर्धा हिस्सा. खरी मेख इथे आहे. तो आपल्याकडे यावा आणि मग सगळाच छापखाना विकून टाकावा, असा धाकट्याचा बेत असल्याचा मला संशय आहे. पुरावा: हल्ली तो मला स्वतः चहा आणून देतो.

आमच्या कॅलेंडरचं नाव झालं ते रोजच्या चौकटीतल्या चंद्रामुळे. अमावास्येपासून चंद्र जितके अंश सरकला, त्याचा कोसाइन घ्यायचा, एकातून वजा करायचा, उरेल त्याचं अर्धं करायचं. तितका चंद्र उजळ. म्हणून तो आधी रेंगाळतो, मध्ये झपाट्याने भरतो आणि पौर्णिमेजवळ पुन्हा रेंगाळतो. एका वर्षी मी आजारी पडलो आणि चंद्र धाकट्याने काढले, रोज सारखी भर घालत. गिऱ्हाइकं कॅलेंडर आकाशाशेजारी धरून हसली.

"चंद्र म्हणजे काय बापाची जमीन आहे, सारखे वाटे पाडायला?" मी विचारलं.

"लोक तारखा बघतात, दादा. चंद्र कोण बघतो?"

तेव्हा हिस्सा कोणाला द्यावा हे ठरवण्यासाठी मी परवा धाकट्याला आणि मुलीला वेगवेगळं बोलावून एकच प्रश्न विचारला: चंद्र साठ अंश सरकला, किती उजळेल?

धाकटा म्हणाला, "एकशेऐंशीतले साठ, म्हणजे एक तृतीयांश. एवढ्यासाठी मशीन बंद करून बोलावलंस?"

मुलीपुढे मी कॅल्क्युलेटर ठेवला. तो मुद्दाम अंशांऐवजी रेडियनवर ठेवलेला होता. त्यात साठ घातले की जवळपास पूर्ण चंद्र निघतो. शहानिशा केलेली बरी. तिने त्याला बोटही लावलं नाही.

"साठचा कोसाइन अर्धा. एकातून गेला, उरला अर्धा, त्याचं अर्धं म्हणजे पाव. त्याला यंत्र कशाला, बाबा? आणि हे रेडियनवर कोणी ठेवलं?"

"असेल कोणीतरी."

"घरात तुमच्याशिवाय असलं कोणी करत नाही."

तेव्हा माझा हिस्सा मुलीला. पण हे सांगताच तिने उलट अट घातली: "काकांना काढणार असाल तर मला नको. मशीन रुसलं की त्यांचंच ऐकतं. मी काय त्याला कोसाइन सांगू?"

४. सबब, धाकट्याने जन्मभर मशीन सांभाळावं, त्याच्या अर्ध्या हिश्शाला धक्का लागू नये आणि मुलीच्या सहीशिवाय छापखाना विकू नये. चंद्राला त्याने हात लावू नये.

हे कलम ऐकवल्यावर तो आकांडतांडव करील म्हणून मी पत्नीला दारात उभं केलं होतं. तो म्हणाला, "चंद्र तिचा, मशीन माझं. बरं झालं, दादा, मला वाटलं तू विकायला काढतोयस. म्हणून तर चहा घेऊन येत होतो, काही बोलशील म्हणून."

इतक्या सहज कोणी ऐकतं? काका-पुतणीचं आधीच संगनमत असावं, असा मला दाट संशय आहे.

५. सदर संशय ही माझी स्वकष्टार्जित मालमत्ता आहे. ती मी कोणाच्याही नावे करत नाही. शस्त्रक्रियेतून उठलो, तर तपास पुढे चालू राहील. न उठल्यास दोघांनी खुशाल संगनमताने छापखाना चालवावा.

मृत्युपत्र करणारा: थोरला (सही)

साक्षीदार: बाइंडर (सही); समोरचा चष्मेवाला (सही). दोघे एकमेकांशी बोलत नाहीत, म्हणूनच निवडले.

स्थळ: छापखान्याची वरची खोली, दाराला आतून कडी.

तारीख: चंद्र एकशेवीस अंशांवर, पाऊण उजळ. शंका असल्यास वर बघावं.